गर्दी शून्य

४ मार्च, सोमवार

नोकरी लागली! तीही अशी, की दिवसभर संगणकात डोकं खुपसून बसायचं आणि त्याबद्दल कुणी ओरडायचं नाही. ताईला फोन केला तर तिचा पहिला प्रश्न, ड्रायव्हिंग स्कूलमध्ये तू शिकवणार काय? तुला सायकल धड येत नाही. म्हटलं, अगं, मी गाडी नाही, खेळ चालवणार आहे. ती इतकी हसली की भावजींनी मागून विचारलं, काय झालं.

इमारत दोन मजली. खाली ऑफिस, मागे सरावाचं आवार. वर सिम्युलेटरची खोली आणि तिला लागूनच माझी राहायची खोली, म्हणजे कामावर पोचायला अकरा पावलं. सिम्युलेटर हे नाव मोठं. आहे काय, तर मोडीत काढलेल्या गाडीची पुढची सीट, स्टिअरिंग, तीन पेडल, समोर तीन पडदे आणि टेबलाखाली संगणक. त्यावर गाडी चालवायचा खेळ. एक शहर, सिग्नल, रस्ते, रस्त्यावर माणसं. स्टिअरिंगला मोटर आहे, खड्ड्यात चाक गेलं की हाताला हादरा बसतो. पडद्यावरची चित्रं रंगवणारं ग्राफिक्स कार्ड नवंकोरं. त्यावरचं प्लास्टिकसुद्धा कुणी सोललं नव्हतं. मी सोललं. आजच्या दिवसातलं ते सर्वोच्च सुख.

मालक मोजकं बोलतात आणि तेवढंही टोचून. नाव विचारायच्या आधीच 'तू'वर आले. पण इथे जुने शिक्षक आहेत, त्यांना सगळे ब्रेककाका म्हणतात. शिकवायच्या गाडीत त्यांच्या पायाशी दुसरा ब्रेक असतो आणि तीस वर्षं ते तोच दाबत आलेत. वरच्या खोलीत ते पाऊल टाकत नाहीत. पडद्याकडे पाहिलं की त्यांना गरगरतं. जिन्यातच थांबून म्हणाले, गाडी काय, माकडही चालवेल. माणसं वाचवायला शिकव, पोरी.

म्हणून खेळात 'गर्दी' नावाची सेटिंग होती ती दहापैकी दहा केली. सावल्या पूर्ण. आता शहर कसं भरल्या घरासारखं दिसतंय.

५ मार्च, मंगळवार

सकाळी खेळ उघडला तर गर्दी चारवर. मी दहा करून ठेवली होती, पक्कं आठवतंय. मग पडद्याच्या कोपऱ्यात पाटी सरकत आली, 'तुमच्यासाठी सर्वोत्तम सेटिंग्ज लावल्या आहेत.' कार्डासोबत आलेलं सॉफ्टवेअर. खेळ अडखळू नये म्हणून ते स्वतःच्या मनाने सेटिंग्ज बदलतं. न विचारता. घरात अशी एक आत्या असते, आपण लावलेले डबे ती पुन्हा तिच्या पद्धतीने लावते.

आत्याबाईंच्या सेटिंग्ज उघडल्या. 'खेळांच्या सेटिंग्ज आपोआप जुळवा' हे बटण चालू होतं, बंद केलं. गर्दी परत दहा. विषय संपला.

आज आठ शिकाऊ येऊन गेले. त्यातली एक नर्सबाई फार गोड आहे. तिला आजाऱ्यांच्या घरी जाऊन शुश्रूषा करायची असते, दोन बस बदलून जीव जातो, म्हणून लायसन्स हवंय. खेळातल्या म्हाताऱ्यासाठी थांबली आणि काच खाली नसतानाही हाताने 'जा आजोबा' असं केलं.

७ मार्च, गुरुवार

गर्दी शून्य. अख्खं शहर ओस. शाळेसमोरचा रस्ता, बाजार, सगळीकडे फक्त गाड्या आणि इमारती.

मी दुरुस्त करायच्या आत मालक वर आले. पाहून खूश. पडदा लोण्यासारखा चालतोय म्हणाले, काल अडकत अडकत चालला होता, लोक हसत होते. मी सांगायला गेले की माणसंच नसली तर शिकणार काय. त्यावर त्यांचं उत्तर जसंच्या तसं लिहून ठेवते. "मोकळ्या रस्त्यावर हिंमत येते. माणसं काय, स्वतःच बाजूला होतात."

ते गेल्यावर पुन्हा लागले. सॉफ्टवेअरच्या यादीतून हा खेळच काढून टाकला. कार्डाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये सगळं 'खेळ सांगेल तसं' केलं. वर खेळाच्या सेटिंग्जची फाइल शोधून ती 'फक्त वाचता येईल' अशी करून ठेवली, म्हणजे कुणी लिहायला गेलं तरी लिहिता येऊ नये. अति शहाणा त्याचा बैल रिकामा. बघू आता.

९ मार्च, शनिवार

फाइल उघडली. तिच्यात गर्दी दहाच आहे. पडद्यावर एकही माणूस नाही.

दोन तास बसून पाहिलं तेव्हा एक गोष्ट लक्षात आली. माणसं नाहीत, पण सावल्या आहेत. फूटपाथवर लांब, सडपातळ सावल्या चालतायत, सिग्नलला थांबतायत, एक वाकून काहीतरी उचलतेय. सॉफ्टवेअरने अंगं पुसली आणि सावल्या पुसायच्या विसरलं असावं. अशा चुका होतात. मी अशा शेकडो पाहिल्यात.

नर्सबाई आज भरधाव चालवत होती. बाजाराच्या वळणावर स्टिअरिंगने हादरा दिला. रस्ता गुळगुळीत होता. तिने विचारलं, काय होतं? मी म्हटलं, खड्डा असेल. मग पुन्हा हादरा. पुन्हा. तिने विचारणं सोडलं.

ती उतरल्यावर मी नोंदीची खिडकी उघडली. खेळ स्वतःच प्रत्येक धडक लिहून ठेवतो. आज एका दिवसात आठ जणांनी मिळून एकशे सहा पादचारी उडवले होते. एकालाही ते ठाऊक नाही. म्हणजे माणसं तिथे आहेत. फक्त दाखवली जात नाहीत.

१२ मार्च, मंगळवार

काका तावातावाने जिन्याखाली येऊन उभे राहिले. मला खाली बोलावून सगळ्यांसमोर झापलं. नर्सबाईला खऱ्या रस्त्यावर घेऊन गेले होते. समोरून एक माणूस हातात पिशव्या घेऊन रस्ता ओलांडत होता, भरदुपारी, दहा हातांवर. तिने गाडीचा वेग कमीसुद्धा केला नाही. काकांनी ब्रेक दाबला म्हणून तो वाचला. आणि ती त्यांनाच विचारते, काका, मध्येच का थांबवलं? रस्ता तर मोकळा होता.

या आठवड्यात असं चौघांनी केलं म्हणाले. चौघंही वरून शिकून आलेले. "काय शिकवतेस तिथे? का डोळ्यांवर कातडं ओढून घ्यायला शिकवतेस?"

मला रडू आलं, पण खरं सांगायचं तर भीती जास्त वाटली. दुपारचे तास बंद केले आणि सॉफ्टवेअर मुळापासून काढून टाकलं. फक्त कार्ड चालायला लागतो तो ड्रायव्हर नावाचा छोटा प्रोग्रॅम ठेवला. इंटरनेटची वायर उपटली, म्हणजे ते परत उतरायला नको. खेळ लावला. माणसं आली! बाजार भरला. मी त्या खोट्या माणसांना बघून एकटीच हसत बसले.

१४ मार्च, गुरुवार

परत शून्य. वायर जोडलेली. कोपऱ्यात तीच पाटी.

सॉफ्टवेअर मालकांनी टाकलं होतं. लपवलंही नाही. म्हणाले, पडदा पुन्हा अडकत होता, कुणालातरी बोलावून टाकून घेतलं, तुला काय करायचंय? मी एकशे सहाचा आकडा सांगितला. काकांनी सांगितलेलं सांगितलं. ते मोबाइलमधून मान वर न करता म्हणाले, या महिन्यात सगळे पास होतायत, कारण कुणी घाबरत नाही. काका म्हातारे झाले. तुला जमत नसेल तर दार उघडं आहे.

जिना चढताना कुणावर तरी आपटले. खांद्याला मऊ, गरम काहीतरी लागलं. जिन्यात कुणी नव्हतं. वरच्या पायरीवरून आवाज मात्र आला, "डोळे फुटले का गं तुझे?"

तो आवाज आमच्या झाडूवाल्या मावशींचा होता.

१५ मार्च, शुक्रवार

हिशेब सोपा आहे. जो त्या पडद्यासमोर जास्त बसला त्याला कमी दिसतं. काका कधीच बसले नाहीत, त्यांना सगळे दिसतात. शिकाऊ रोज अर्धा तास बसतात.

मी रोज नऊ तास बसते. प्रत्येकाच्या मागे.

सकाळी अकराला खिडकीतून रस्ता पाहिला. गाड्या आहेत. माणूस नाही. दुकानांची शटर उघडी, गल्ल्यामागे कुणी नाही. पण फूटपाथभर सावल्या.

ऑफिसात गेले तर मालकांची खुर्ची आपोआप फिरली आणि त्यांचा आवाज आला, दारात काय उभी आहेस? मी खुर्चीकडे बघून हो म्हटलं आणि वर आले. ताईला सांगितलं तर म्हणते, डोळ्यांच्या डॉक्टरकडे जा. उद्या जाईन. जाऊ कशी?

१८ मार्च, सोमवार

काका.

नर्सबाईला लायसन्स मिळालं. तिने नवी पांढरी गाडी आवारात आणली, सगळ्यांना दाखवायला. मी खिडकीत होते. मला फक्त गाडी दिसत होती, तिच्यात कुणी नाही. काकांचा आवाज येत होता, 'ये, ये, सरळ घे', ते मागे उभे राहून तिला गाडी मागे घ्यायला सांगत असावेत. मग 'थांब' म्हणाले. मग मोठ्याने थांब. मग धप्प.

गाडीचं दार उघडलं. तिचा आवाज, काय लागलं गं बाई, दगड होता का?

मी धावत खाली गेले. जमिनीवर आडवी सावली होती. गुडघे टेकून चाचपडलं. शर्ट हाताला लागला, बटण, ओला खांदा. काका कण्हत होते. ती नर्स आहे. रोज माणसांची दुखणी बघते. आणि माणूस पायाशी विव्हळतोय अन् ती म्हणतेय, टायर तर ठीक दिसतंय.

मी ओरडून सांगितलं, इथे काका आहेत. ती म्हणाली, कुठे? तुम्ही तरी कुठे आहात?

तिला मीही दिसत नव्हते.

१९ मार्च, मंगळवार

काका जिवंत आहेत. मांडीचं हाड मोडलंय. रुग्णवाहिकेला मावशींनी फोन केला. मावशी वरच्या खोलीत फक्त झाडायला यायच्या, पडदे बंद असताना. म्हणून त्यांना काका दिसले.

मालक म्हणतात, काकांची चूक. गाडीमागे उभं राहतं का कुणी.

स्क्रूड्रायव्हर घेतला, संगणक उघडला, कार्डच उपटून काढलं. टाचेखाली ठेचलं. पंखे मोडले, पट्टी मोडली. पडदे काळे झाले.

खिडकीशी गेले. रस्ता तसाच. रिकामा. पडदे काळे आणि तरी—

म्हणजे हे आता त्या पेटीत नाही.

आमच्याकडून शिकून या महिन्यात बावीस जणांना लायसन्स मिळालं. बावीस गाड्या. मी रजिस्टरमध्ये नावं वाचली. एक जण शाळेची बस चालवणार आहे.

पोलिसांना फोन केला. विचारलं, तक्रार कशाबद्दल? मी फोन ठेवून दिला.

२० मार्च, बुधवार

सकाळ. ताई निघालीय न्यायला. म्हणाली, बसस्टॉपच्या बाकावर बस, हलू नकोस, रस्ता अजिबात ओलांडू नकोस. बसलेय. ऊन कडक आहे. लिहितेय म्हणजे समोर बघावं लागत नाही.

आसपास बोलणी चालू आहेत. कुणीतरी खोकलं. बाकावर माझ्या शेजारी कुणी बसलं, लाकूड करकरलं. मी सरकले. एका बाईचं हसू ऐकू आलं.

गाड्या जातायत. सगळ्या रिकाम्या सीटच्या. कुठली कुणाची, कळत नाही.

फोन. ताई म्हणते पोचले, समोरच उतरले, दिसतेयस तू मला, निळी ओढणी. इथूनच हात करतेय. मला रिकामा रस्ता दिसतोय. म्हटलं थांब तिथेच. म्हणते वेडी आहेस का, दोन पावलं तर आहे—

सावली दिसली. तिचीच. खांद्याला पर्स. रस्त्यात उतरली.

वळणावरून पांढरी गाडी. नवी. काचेवर आमच्या ड्रायव्हिंग स्कूलचा स्टिकर. सीट रिकामी. वेग कमी होत नाहीये. हॉर्न नाही. मी ओरडतेय, ती फोनवर म्हणते ऐकू येत नाही गं, आलेच—

ताई मागे हो, मागे, तिला तू