कंगव्यांसाठी देऊ केलेली रिळे

तोरिनो, मार्च १९३१

प्रिय एवासियो,

माझ्याकडे ठेवलेले तुमचे सगळे मूकपट, सेल्युलॉइड वितळवून कंगवे करणाऱ्या कारखान्याला देऊन टाकावेत, असे सांगणारे तुमचे जेनोवाहून आलेले पत्र मिळाले. बोलपट आले, आता ही रिळे कोण पाहणार, हा युक्तिवाद मला पटलेला नाही. पण रिळे तुमची आहेत. देण्यापूर्वी एकदा पाहावीत, म्हणून रविवारी दुपारी मी शिकवते त्या मूकबधिर विद्यालयात यंत्र लावले.

माझे मत तुम्हांला ठाऊकच आहे. एकाच माणसाने नट, दिग्दर्शक, विदूषक आणि पडदे रंगवणारा व्हावे, हे मला कधीच रुचले नाही. शोकांतिकेत तुम्ही मरायला फार वेळ घेता. रोमच्या पटातले खांब वाऱ्याने हलतात, मी तक्रार केली तेव्हा तुम्ही म्हणाला होतात, "बाईसाहेब, साम्राज्य कोसळायलाच निघालंय, खांबांना आधी कळलं, इतकंच." विनोदी पटात मात्र तुम्ही शिडीवरून पडलात आणि मी हसले, तेही विद्यार्थिनींच्या देखत.

मग राजपुत्राचा पट लागला. त्यात तुम्ही राजकन्येपुढे गुडघे टेकता आणि चेहरा अगदी जवळून दिसतो. ओठ हलले म्हणजे झाले, अशी तुम्हा नटांची रीत. तुम्ही कॅमेऱ्यापुढे वाटेल ते बोलायचे आणि दृश्यांच्या मधे पडद्यावर झळकणारी उदात्त वाक्ये मी लिहायची. येथे मी लिहिले होते, 'तुझ्यावाचून हे राज्य म्हणजे राख.' वाक्य निर्दोष आहे.

शेजारी शिवणाच्या शिक्षिका इओलांदा बसल्या होत्या. त्या जन्मापासून बहिऱ्या, ओठांवरून बोलणे वाचतात. राजकन्या तुम्हांला 'लवकर आटप, पाय दुखतायत' म्हणते, हे सांगून त्या खूप हसल्या. मग एकाएकी थांबल्या आणि माझी बाही ओढून म्हणाल्या, "तो तुझं वाक्य म्हणतच नाहीये. तो म्हणतोय, 'एर्सिलिया, त्या कागदांतून एकदा वर बघ. लग्न करशील माझ्याशी?' अगं, एर्सिलिया म्हणजे तूच ना?"

ते दृश्य मी पुन्हा लावायला सांगितले. मग पुन्हा एकदा.

कारखान्याची गाडी मी परत पाठवली आहे. पण हे पत्र त्यासाठी नाही. तुझा प्रश्न माझ्यापर्यंत पोचायला फार उशीर झाला, एवासियो. उत्तराला मी उशीर करणार नाही. माझा होकार आहे. तुला अजूनही तेच विचारायचे असेल, तर शनिवारी सकाळच्या गाडीने मी येते आहे, जेनोवाच्या स्थानकावर ये. आणि या खेपेला आवाज काढून विचार.

तुझीच,
एर्सिलिया