बर्फातलं भोक चुकून पडलं होतं

मी, खाली सही करणारी, वय चौऱ्याहत्तर, व्यवसाय बर्फ गाणे (आता बंद), हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीत, पोटभर जेवून आणि कोणीही मागे न लागता लिहीत आहे. गुडघे गेले आहेत, डोकं जागेवर आहे; डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. याआधीचं माझं मृत्युपत्र रद्द समजावं. त्यात एक गोष्ट मी लपवली होती.

कलम १. राहतं घर, म्हणजे वरच्या मजल्यावरच्या दोन खोल्या, आणि बँकेत जे काही असेल ते माझ्या मुलीला. तिचा आवाज फाटका निघाला म्हणून ती या कामातून सुटली आणि सुखाने नोकरी करते. खोल्या विकायच्या की ठेवायच्या, ते तिने ठरवावं. भिंतीवरचे माझे सत्काराचे फोटो मात्र खुशाल काढून टाकावेत, मलाही ते कधी आवडले नाहीत.

कलम २. समोरच्या शिंप्याने बावीस वर्षं माझ्या रियाजाविरुद्ध तक्रारी केल्या. त्याला कापसाची दोन मोठी बंडलं द्यावीत. कानात घालावा की उशीत भरावा, त्याचं तो बघेल.

कलम ३. गाण्याची गार खोली, तांब्याची परात आणि गाणाऱ्यांच्या बैठकीतली माझी पहिली जागा माझ्या धाकट्या जावेला. वकील म्हणाले, कारण लिहा, म्हणजे मागाहून भांडणं होत नाहीत. तर लिहिते.

कोणाच्या घरी माणूस गेलं की घरचे आमच्याकडे येतात. उकळून निवलेलं पाणी परातीत ओतायचं, परात गार खोलीत ठेवायची आणि पाण्यावर वाकून गायचं. सूर लावू तसा बर्फ धरतो. तो बर्फ घरच्यांनी आपल्या दारात ठेवायचा. वितळेपर्यंत रडून घ्यायचं, मग कामाला लागायचं. आमचा नियम एकच: श्वास मान वळवून सोडायचा. ऊन श्वास बर्फावर गेला की काम बिघडलं.

माझे यजमान गेले तेव्हा हट्टाने मीच गायला बसले. शेवटच्या ओळीला मला हुंदका आला आणि मान वळवायची राहिली. बर्फाच्या मधोमध अंगठ्याएवढं भोक पडलं. सगळी बैठक बघत होती. मी शरमेने म्हणाले, ही जाणाऱ्यासाठी वाट ठेवली आहे, आमच्या घराण्यात जुनी रीत आहे. सगळ्यांनी माना डोलावल्या.

एकटी माझी जाऊ म्हणाली की अशी रीत नाही, हे रडण्याने झालं आहे. ती माझ्या शेजारीच बसली होती. मी भर बैठकीत तिला मत्सरी म्हणाले. बैठकीने तिची जागा काढून घेतली आणि मी गप्प बसले. आवाज माझ्यापेक्षा गोड होता तिचा. तिने इस्त्रीचं दुकान टाकलं. मी मात्र एकतीस वर्षं प्रत्येक बर्फात मुद्दाम फुंकर मारून भोक पाडत आले. माझ्या शिष्या तर गरम चमचा वापरतात आणि भोक केवढं असावं यावर तावातावाने भांडतात.

गेल्या आठवड्यात मंगळवारी इस्त्रीचं निमित्त म्हणून एक न चुरगळलेली शाल घेऊन मी तिच्या दुकानात गेले आणि सगळं कबूल केलं. तिने इस्त्री बंद केली. मग म्हणाली, "जाऊबाई, मला काय सांगता? मी तिथेच होते. बैठकीत सांगा."

रविवारी बैठकीत उभी राहून सांगितलं. दोन शिष्या रडल्या, एक हसत सुटली. मला इतकं हलकं वाटलं की घरी येताना जिना एकदाही न थांबता चढले. डॉक्टरांचा यावर विश्वास नाही, पण तेही खाली सही करणार आहेत.

कलम ४. यापुढे बर्फात भोक पाडू नये. ज्यांच्या दारात भोकाचा बर्फ ठेवला गेला, त्यांनी मनाला लावून घेऊ नये. बाकीचा बर्फ मी मनापासून गायले होते.

कलम ५. माझ्यासाठी जावेने गावं. तिला रडू आलं तर येऊ द्यावं. हे तिला वाचून दाखवलं, तर म्हणाली, आधी मरा तर खरं, मग बघू.

साक्षीदार म्हणून मला तीच हवी होती. वकील म्हणाले, जिला मिळकत मिळते तिची सही चालत नाही. मला वाईट वाटलं. ती मात्र पदराला हात पुसत म्हणाली, "नकोच. एकतीस वर्षं मी एकटीच साक्षीदार होते. आता दुसऱ्या कोणाला तरी होऊ दे."

लिहून देणार: (सही) थोरली जाऊ, बर्फ गाणारी
साक्षीदार १: (सही) डॉक्टर. जिन्याची खात्री देता येत नाही, बाकी सर्व माझ्यासमक्ष.
साक्षीदार २: (सही) खालच्या मजल्यावरचे औषधविक्रेते
ठिकाण: गाण्याची खोली
दिनांक: ९ फेब्रुवारी, शुक्रवार, दुपारी चार