आईची मूठ

वहिनी,

स्वयंपाकघराची खिडकी लावू नकोस, मसाल्याचा ठसका अजून गेलेला नाही. मी ड्यूटीवर निघालेय. अक्षर मुद्दाम मोठं काढलंय. तुला मराठी वाचायला आईनेच शिकवलं, पण जोडाक्षराला अजून अडतेस.

तुझी मसाल्याची वही हरवलेली नाही. ती मीच माझ्या कपाटात दडवली होती. परवा जेवताना दादा तुला म्हणाला, "अगदी आईच्या हातची चव!" आणि त्याच रात्री मी वही उचलली. तू इथे परदेशातच जन्मलेली, आमचं भारतातलं घर फक्त फोटोत पाहिलेलं. आणि चव उतरली ती तुझ्या हातात!

म्हणून आज सकाळी मी मसाला केला, वही न उघडता, आई करायची तसाच. बाकी सगळं वाटीने, मेथ्या तेवढ्या मूठभर. कडूजहर झाला. मग झक मारत वही उघडली. आई इथे राहायला आली होती तेव्हा तू तिची मूठ वजनकाट्यावर रिकामी करून घेतली होतीस, आणि मी तुला हसले होते. आता आई नाही, आणि तिची मूठ तुझ्या वहीत आहे: मेथ्या, एकतीस ग्रॅम.

माझी भरली सत्तेचाळीस. माझा हात बाबांवर गेलाय.

वही ओट्यावर ठेवलीय. संध्याकाळी मसाला मी करते, तू काट्यापाशी उभी राहा. आणि जेवताना दादा पुन्हा तेच म्हणाला, तर कृपा करून वहीचं नाव काढू नकोस. एकदा तरी ते मला ऐकू दे.

तुझी नणंद