पुन्हा लहान मुलींत

ता. ९, गुरुवार

प्रिय ताई,

नमस्कार. तुझ्या गुडघ्याला उतार पडला असेल, असं धरून चालतो. माझं बरं आहे. पोहण्याचा तलाव बंद आहे, कपडे बदलायच्या खोलीला पोलिसांचं कुलूप आहे. तरी मी पहाटे पाचला शिट्टी गळ्यात अडकवून जातो, रिकाम्या काठावर फेऱ्या मारतो आणि परत येतो. पाय घरात ठरत नाहीत. हे पत्र चौथ्यांदा लिहितोय. फोनवर तू मला बोलू देत नाहीस; पत्राला मध्येच गप्प बस म्हणता येत नाही.

वकील भेटले. खूश होते. हाडांच्या तपासणीत सतरा ते एकोणीस असं काहीतरी मोघम निघालंय, पण शाळेचा दाखला असताना हाडांना कोण विचारतो, म्हणाले. दाखल्याप्रमाणे तुझी लेक, आपली मासोळी, सोळाची. म्हणजे त्या पोरीच्या मृत्यूचा खटला मुलांच्या न्यायालयात, आणि फार तर तीन वर्षांत मासोळी घरी. शाळेचा प्रवेश-अर्ज मी भरला होता, म्हणून सोमवारी न्यायालयात मला विचारणार, तारीख खरी आहे का. मी "हो" म्हणायचं. एका अक्षराचं काम.

तू सांगितलेलं दुसरं कामही झालं, असं मी परवा फोनवर म्हणालो होतो. त्याचं पुढे लिहितो.

काल सुधारगृहात मासोळीला भेटलो. वाळलीय, पण केस नीट विंचरलेले. मी आपलं नेहमीचं, जेवतेस का, झोपतेस का. ती म्हणाली, "मामा, इथेही मला परत लहान मुलींत टाकलंय." मी म्हटलं, बरंच आहे की, मोठ्या बायकांत हाल झाले असते. तर कसंनुसं हसली. "तू सांगतोस, का मी सांगू?"

तेव्हापासून जिवाला चैन नाही, ताई.

ती अकराची होती, लहान गटात पोहता यावं म्हणून मी अर्जात नऊ लिहिलं. घरातच जन्मलेली, सरकारदरबारी जन्माची नोंद नव्हती. मला रान मोकळं. तू नको म्हणालीस, मी हसण्यावारी नेलं. पहिलं पदक आलं तेव्हा मात्र दोघंही नाचलो. मग ती पहिलीच येत राहिली आणि गेली चार वर्षं तीच एक पोर तिच्या मागे, हातभर अंतरावर. मी तिला लाडाने "दोन नंबर" म्हणायचो. तीही ओ द्यायची.

त्या दिवशी कपड्यांच्या खोलीत तिने मासोळीला विचारलं, "खरं सांग, तू कितीची आहेस? मी तक्रार करणार आहे." मासोळीने ढकललं. फरशी ओली होती, ओट्याची कड डोक्यात बसली. मासोळीने हे मला तेव्हाच सांगितलं होतं. भांडण कशावरून झालं ते कुणाजवळ बोलू नकोस, असं तिला बजावणारा मीच.

मंगळवारी त्या पोरीचे वडील आले, तिची टोपी आणि चष्मा न्यायला. वाटलं, कॉलर धरतील. धरली असती तर बरं झालं असतं. बाकावर टेकले आणि म्हणाले, "सर, एक विचारू? तुम्ही तिला रोज बघत होतात. पहिली यायला काय कमी पडायचं हो तिचं?"

मी म्हणालो, भिंतीपाशी वळताना तिचा वेळ जायचा. ताई, तिच्याइतकी सफाईने वळणारी पोर माझ्या हाताखालून गेलेली नाही.

आता ते काम. मासोळीचं लसीचं कार्ड मी जाळलेलं नाही. तुझ्याशी खोटं बोललो. तुझ्याच अक्षरात तिची खरी तारीख आहे त्यावर. सोमवारी ते घेऊन उभा राहणार आहे. मोठ्यांच्या न्यायालयात तिची किती वर्षं जातील, ते रोज बोटांवर मोजतो. तिने ढकललं, मारायचं म्हणून नव्हे, आणि भांडणाचं मूळ मी आहे, हेही सांगेन. मला धरतील, धरू देत. तू पुन्हा माझं तोंड बघणार नाहीस, तेही कळतं. पण तिने सांगायच्या आत मला सांगू दे. तेवढं तरी मोठ्या माणसाचं काम मला करू दे.

रविवारी आधी त्या पोरीच्या वडिलांकडे जाईन. तिचं काहीच कमी पडत नव्हतं, एवढं त्यांना सांगायचं आहे.

गुडघ्याला शेक देत जा. सोमवारी आलीस तर माझ्याकडे बघू नकोस, मला बोलता येणार नाही.

तुझा,
धाकटा