जपून ठेवलेला आवाज

दि. ९ मार्च

प्रिय ताई,

शिरसाष्टांग नमस्कार. दर वेळी सवयीने लिहिते, या वेळी खरोखरच पायांवर डोकं ठेवलंय असं समज.

इकडे सगळे बरे. ह्यांचा गुडघा कुरकुरतो, पण ते त्याच्याहून जास्त कुरकुरतात. तुझ्या घशाची जखम भरली का? घास गिळता येतो की अजून पातळच?

तुझं पत्र मिळालं. एकच ओळ. ‘टीव्हीवर साबणाच्या जाहिरातीत मी बोलतेय. कशी?’ आठवडाभर उत्तर टाळलं.

ताई, ते मी केलं. ऑपरेशननंतर तुझा आवाज परत येणार नाही म्हटल्यावर स्टुडिओचे मालक म्हणाले, “ताईंची जुनी डबिंगं द्या, आवाज जपून ठेवतो.” मला वाटलं, कपाटात ठेवतील. कार्टूनमधल्या त्या आगाऊ कासवाला तू वीस वर्षं आवाज दिलास, ते सगळं देऊन टाकलं. तू भुलीत होतीस, तुला कशाला त्रास, म्हणून कागदावर तुझी सहीही मीच ठोकली. शाळेत प्रगतिपुस्तकावर बाबांची ठोकायचे, तशीच.

परत मागायला गेले, तोवर त्यांनी तुझा आवाज यंत्राला शिकवून टाकला होता. मालक म्हणाले, “अहो बाई, मळलेल्या कणकेतलं मीठ वेगळं कसं काढू?” मी तशीच घरी आले. दुसरं काय करणार होते?

माझंही डबिंग बंद झालंय. यंत्रच बोलतं. मला आठवड्यातून दोनदा बोलावतात, त्याच्या चुका काढायला. बोलायला लागण्याआधी तू नाकाने छोटा श्वास घ्यायचीस, ते त्याला जमत नव्हतं. मी शिकवलं. लाज वाटते, तरी जाते. तुझा आवाज ऐकायला दुसरी जागा राहिलीय कुठे?

परवा म्हणाले, चाचणीसाठी काहीही टाइप करा. मी लिहिलं, ‘चिमणे, जेवलीस का?’ यंत्र म्हणालं. आधी श्वास घेऊन, हुबेहूब. मी चक्क “हो” म्हणाले.

“काही चूक?” रेकॉर्डिस्टने विचारलं.

चूक एवढीच होती की ते तू विचारलं नव्हतंस. मी ‘बरोबर’वर खूण केली.

रागाव माझ्यावर. हव्या तेवढ्या शिव्या दे, पण पत्रातच दे, स्वतःच्या हाताने लिहून. तुझं अक्षर अजून फक्त माझ्याकडे आहे. ते मागितलं तरी कुणाला देणार नाही.

तुझी न विचारता सही करणारी,
चिमणी