यंत्राच्या पोटातला परवाना

स्फाक्स, रविवार

तीर्थरूप मोंजीमामांना भाचा तौहामीचा सलाम. तुमचा गुडघा आणि मामींचा रक्तदाब दोन्ही ठिकाणावर असतील, अशी आशा आहे. इकडे सगळे खुशाल. तुमची भाचेसून सलूआ माझ्याशी बोलत नाही, एवढं सोडलं तर.

झालं असं. तुम्ही मार्सेहून आणून दिलेला काळा लॅपटॉप फार रेंगाळू लागला, म्हणून माझ्या भाचीनं, रीमनं, त्यातलं विंडोज पुसून एक फुकटची प्रणाली घातली. (घाल म्हणून मीच सांगितलं होतं, हे माझ्या बायकोला ठाऊक नाही.) यंत्र हरणासारखं पळू लागलं. पण सलूआचं भरतकामाचं मशीन विंडोजखेरीज कुणाचं ऐकत नाही, आणि शेजारच्या नवरीचा पोशाख अर्धाच झालेला. एका बाहीवर जाईची फुलं, दुसरी बोडकी. नवरीची आई दारात उभी राहून म्हणाली, "आमच्या मुलीनं काय एक हात पाठीमागे लपवून बसायचं?"

रीम म्हणाली, "मामा, घाबरू नका. विंडोजसकट विकलेल्या यंत्राच्या फर्मवेअरमध्ये, म्हणजे कारखान्यातच बसवलेल्या चिपमध्ये, परवान्याचा क्रमांक असतो. डिस्क पुसली तरी तो जात नाही." तिनं एक आज्ञा टंकली. उत्तर आलं, अशी फाइल नाही. पुन्हा टंकली, तेच. ईदच्या जेवणात साऱ्या भावकीसमोर छातीवर हात ठेवून तुम्ही म्हणाला होतात, "अस्सल विंडोज आहे, खोकं मी स्वतः फोडलंय." आणि पोटात काहीच नाही. तेवढ्यापुरती सलूआ बोलली, "यंत्र मामांवरच गेलंय. वरून चकाचक, आत ठणठणाट." (वाक्य तिचं, मी फक्त कळवतो आहे.) मी रागावलेलो नाही. पण तेव्हापासून ताटातल्या कुसकुसला मी हात लावलेला नाही.

तुमचा हतबुद्ध भाचा,
तौहामी

ता. क. तुमचा स्वतःचा लॅपटॉप शुक्रवारच्या बसनं पाठवा. लग्न लागलं की परत करीन.

आणखी ता. क. पाकीट चिकटवतोय तोच रीम धावत आली. तिनं आज्ञा टंकली होती ती स्वतःच्याच लॅपटॉपवर. दोन्ही काळे, दोन्हींवर तीच प्रणाली. आमच्या यंत्रात क्रमांक निघाला, विंडोज बसलं, दुसरी बाही भरायला घेतली. तेव्हा वरचं सगळं वाचलंच नाही असं समजा. मात्र रीमचा तो रिकाम्या पोटाचा लॅपटॉपही तुम्हीच दिलेला, "अस्सल विंडोज" म्हणूनच. ती आईला घेऊन आत्ताच तुमच्याकडे निघाली आहे. हे पत्र पोचेपर्यंत त्या दोघी तुमच्यासमोर बसलेल्या असतील.