बाबांच्या तळहातावरचे टाके

तीर्थरूप ताईस,

साबणाने कोपरापर्यंत धुतलेल्या आणि स्वच्छ फडक्याने टिपून कोरड्या केलेल्या दोन्ही हातांनी नमस्कार. (हल्ली या घरात हात धुतल्याशिवाय काही होत नाही, नमस्कारसुद्धा.) तू बरी असशील. भावोजींची कंबर आता वाकते का? वाकत असली तरी जपायला सांग. माझ्यात आणखी एक रुग्ण सोसायची ताकद उरलेली नाही.

फोनवर तुला ‘बाबांना जरासं लागलंय’ एवढंच सांगितलं, कारण बाबा शेजारीच बसले होते. आता नीट ऐक. रंगाच्या डब्याचं झाकण निघत नव्हतं. हाताशी त्यांची मोठी कात्री होती, पण कापडाची कात्री पत्र्याला लावतील तर ते शिंपी कसले! म्हणून त्यांनी भाजी चिरायची सुरी घेतली. ती सटकली आणि डाव्या अंगठ्याखाली तळहात चांगलाच चिरला. मी धावत गेलो, तर हे मोरीवर हात धरून उभे, आणि काळजी कसली, तर मशीनवरच्या पँटवर डाग पडला का याची. (दुकान बंद केलं तरी जुनी गिऱ्हाइकं सुटलेली नाहीत.) मी धुतलेला पंचा जखमेवर घट्ट दाबला, हात वर धरायला लावला आणि तसंच त्यांना दवाखान्यात नेलं.

डॉक्टरीणबाईंनी जखम धुतली, धनुर्वाताचं इंजेक्शन दिलं आणि टाके घालायला घेतले. जन्मभर शिवणारा माणूस समोर बसला असताना! टाके फार लांब पडताहेत, असे टाके मी उशीच्या अभ्र्यालाही घातले नसते, असं बाबांनी त्यांना ऐकवलं. कातडी कापडासारखी आवळली तर मरते, असं बाई शांतपणे म्हणाल्या. बाबांच्या चेहऱ्यावरून त्यांना काही पटलेलं दिसत नव्हतं.

निघताना सिस्टरनी सगळं माझ्याकडून वदवून घेतलं. पहिले दोन दिवस पट्टी भिजवायची नाही. मग रोज आधी आपले हात धुवायचे, जखमेवरून स्वच्छ पाणी हलकेच सोडायचं, चोळायचं नाही, टिपून घ्यायचं, नवी पट्टी बांधायची. स्पिरिट नको, पावडर नको, घरगुती औषध तर मुळीच नको. लाली वाढली, सूज आली, पू दिसला, ताप आला, तर थेट दवाखाना. आणि टाक्यांना हात लावायचा नाही. हे सगळं बाबांनीही ऐकलं होतं. तिथेच बसले होते ते.

तिसऱ्या दिवसापासून रोज सकाळी मी पट्टी बदलतो आणि बाबा माझं काम तपासतात. गॉज तिरका ठेवला, पट्टीची कड आत दुमडली नाही, गाठ कुठे मारावी याची अक्कल नाही. (दिवसभर पाणीपुरवठ्याच्या कचेरीत लोकांच्या तक्रारी ऐकतो, आता ऑफिसला निघायच्या आधीही ऐकतो.) त्यात वरच्या मजल्यावरच्या काकूंनी मी नसताना जखमेला टूथपेस्ट लावली. थंड वाटतं, असं बाबांनी मलाच समजावलं. मी ती धुऊन काढली. तुझ्या भावजयीने काकूंना जिन्यातच काय सांगितलं, ते पत्रात लिहिण्यासारखं नाही.

पण खरा प्रकार पुढेच. एका संध्याकाळी घरी आलो, तर बाबा खिडकीशी बसलेले, पट्टी सोडलेली, हातात दोरे कापायची छोटी कात्री. मधला टाका वाकडा दिसत होता म्हणून यांनी तो कापून काढला होता! जखमेचं तोंड जरा उघडलं होतं आणि कडा लाल होत्या. मी हात हातात घेतला तर चटका बसावा इतका गरम. ताई, मी रागावणारच होतो, पण भीतीने आधी हातावर स्वच्छ पट्टी गुंडाळली.

पुन्हा दवाखाना. बाईंनी जखम साफ केली, उघडलेल्या जागी चिकटपट्ट्या लावल्या, गोळ्या दिल्या आणि उरलेले टाके काढायचा दिवस पुढे ढकलला. सगळा वेळ बाबा मान खाली घालून बसले होते. शेवटी एवढंच विचारलं, “सुईखाली कापड धरता येईल ना या अंगठ्याने?”

“हात लावला नाहीत, तर येईल,” बाई म्हणाल्या.

आता लाली उतरली आहे, ताप नाही, जखम मिटत आली आहे. अंगात बळ येताच यांची कुरकुरही परतली. काल माझ्या पट्टीला ‘कच्चं काम’ म्हणाले. आता माझ्याच्याने होत नाही.

तुझ्या भावजयीचा नमस्कार, भाचरांना आशीर्वाद.

तुझा टेकीला आलेला,
धाकटा भाऊ

ता. क. : हे सगळं लिहिलं ते एवढ्यासाठी, की तू पुढच्या आठवड्यात ये आणि पट्टीचं काम हातात घे. तुझ्यापुढे ते चकार शब्द काढत नाहीत.

ता. क. दुसरा : पाकीट चिकटवायला माझ्याकडे देऊन हा आंघोळीला गेला आहे, म्हणून लिहितो. बेटा, तू इतक्यात येऊ नकोस. पट्टी तो उत्तम बांधतो. पण चांगली म्हटली, तर दोन मिनिटांत आटपून निघून जाईल. नावं ठेवली की सोडून पुन्हा बांधतो, आणि तेवढा वेळ माझ्याजवळ बसतो. — बाबा